लोखंडाला हात

आमच्या गावात लोखंड शोधत फिरावं लागत नाही. एका टोकाला पोलादाचा कारखाना, दुसऱ्या टोकाला बंदर, आणि मधे जे काही आहे त्यातलं अर्धं लोखंडाचं. समुद्राकाठचा कठडा, चौकातली बाकं, बाल्कन्यांचे गज, दिव्यांचे खांब. त्यामुळे माझा नवरा रस्त्याला लागला की लोकांची गैरसोय अशी कधी झाली नाही. अपशकुनी माणूस समोर आला की लोखंडाला हात लावायचा, म्हणजे त्याची बाधा होत नाही, हे आमच्या देशात मुलं शाळेत जाण्याआधी शिकतात. कुणी खांब धरायचा, कुणी दुकानाचं शटर. बायका पर्समध्ये हात घालून किल्ली चाचपायच्या. आणि घाईगडबडीत लोखंड सापडलं नाही, तर पुरुष पँटच्या खिशात हात घालून काय चाचपतात, ते मी लिहीत नाही. इटलीत राहिलेल्या कुठल्याही बाईला ते माहीत आहे.

आमचं गाव लाल बावट्याचं. इथले निम्मे पुरुष स्वतःच्या लग्नानंतर चर्चची पायरी चढलेले नाहीत. देव नाही, सैतान नाही, असं छाती ठोकून सांगतात. पण पनवती म्हटली की एकजात सगळे भाविक. आणि त्या उन्हाळ्यात गावाची पनवती होता माझा नवरा, नेदो बार्लेत्तानी.

त्याच्या आधीची दोन वर्षं हेच लोक त्याच्यावरून जीव ओवाळून टाकत होते. ते सांगितल्याशिवाय माझा राग तुम्हाला कळायचा नाही.

नेदो आधी कारखान्यात होता. एकदा क्रेनची साखळी तुटली आणि खाली आलेल्या लोखंडात त्याचा डावा पाय सापडला. डॉक्टरांनी पाय वाचवला, पण भट्टीतल्या लोखंडाचा एक तुकडा गुडघ्यात इतका आत रुतला होता की काढायला गेलं तर पायच जाईल, म्हणून तो तसाच ठेवला. तेव्हापासून तो जरा झुलत चालतो, दर पावलाला कुणालातरी नमस्कार केल्यासारखा. घरी बसून कंटाळला तेव्हा त्याचा मित्र इलिओ त्याला ‘तेले-स्कोल्यो’वर घेऊन गेला. ऐंशीच्या आसपास गावोगाव टीव्हीच्या खाजगी वाहिन्या निघाल्या होत्या. आमची वाहिनी फर्निचरच्या दुकानाच्या माळ्यावर होती, आणि दुकान नि माळा दोन्ही कमेंदातोरे बेर्तोक्कींचे. ‘कमेंदातोरे’ ही सरकारने दिलेली पदवी. आपल्याला ती कशासाठी मिळाली ते त्यांनाही आठवत नसे. इलिओ कॅमेरा चालवायचा, नेदो लिहायचा आणि काम करायचा, मी कपडे शिवायचे. एवढ्यावर आमची मालिका उभी राहिली.

मालिकेतला माणूस, म्हणजे नेदो करायचा ते पात्र, जेझुआल्दो पिंझुती. शर्यतीत एकटाच धावायचा आणि दुसरा यायचा. नगरपालिकेत रहिवासी दाखला मागायला गेला तर कारकून म्हणाला, तुम्ही मंगळवारी वारलात. मग स्वतःच्या अंत्ययात्रेला गेला, तर बसायला जागा नाही. त्याच्या स्वयंपाकघरात ढग येऊन बरसायचा, पण घरात छत्री उघडणं अशुभ, म्हणून बिचारा भिजत सूप प्यायचा. लहानपणी लपंडाव खेळताना कपाटात लपला, मित्र त्याला विसरून घरी गेले, आणि मोठेपणी कपाट विकलं गेलं तेव्हा कपाटासकट नव्या घरी पोचला. कपाट अर्थातच बेर्तोक्कींच्या दुकानातलं, पाटी कॅमेऱ्याकडे तोंड करून.

दर भागाच्या शेवटी कुणीतरी पिंझुतीला दाराबाहेर काढायचं. दार धाडकन बंद व्हायचं. मग ते किंचित उघडायचं, त्यातून त्याचं डोकं आत यायचं, आणि तो अगदी नम्रपणे म्हणायचा, “काही हरकत नाही. उद्या परत येतो.”

हे वाक्य गावाने उचललं. कारखान्याच्या फाटकावर नोकरी मागायला गेलेली पोरं पहारेकऱ्याला तेच म्हणायची. पोरीने नाही म्हटलं की पोरगा तेच म्हणायचा. एकदा रविवारी रिकाम्या चर्चला आमचे पाद्रीसुद्धा तेच म्हणाले. गुरुवारी संध्याकाळी रस्ते ओस पडायचे. नेदो बाजारात गेला की कोळीण त्याच्या पिशवीत दोन मासे जास्तीचे टाकायची आणि म्हणायची, “घे रे पिंझुती, तुझ्या पिशवीला भोक असणारच!”

मग त्या वसंतात तीन गोष्टी झाल्या. फुटबॉलच्या सामन्याला पहिली किक मारायला नेदोला बोलावलं, आणि त्या दिवशी आमच्याच गोलकीपरने चेंडू आमच्याच जाळीत घातला. बेर्तोक्कींच्या नव्या दालनाची फीत नेदोने कापली, आणि त्या रात्री दालनाचं छत नव्या पलंगांवर येऊन झोपलं. शेवटी आम्ही कारखान्याच्या फाटकावर एक भाग चित्रित केला, आणि पुढच्याच आठवड्यात जाहीर झालं की भट्टी विझवणार, माणसं अर्ध्या पगारावर घरी बसणार.

आदेमारो नेदोबरोबर क्रेनवर होता. रोज दुपारी चौकातल्या बारमध्ये दोघं पत्त्यांत जोडीदार असायचे. भट्टीची बातमी आली त्या दुपारी नेदो बारमध्ये शिरला, नेहमीसारखा पोंचे, म्हणजे रम घातलेली कॉफी, मागवला आणि आदेमारोसमोर बसला. आदेमारोने पत्ते पिसलेच नाहीत.

“नेदो, वाईट वाटून घेऊ नकोस,” तो म्हणाला, “पण तुझ्यात काहीतरी आहे.”

“माझ्यात लोखंड आहे,” नेदो हसून म्हणाला.

“मस्करी नाही. लोक म्हणतायत. पनवती.”

शब्द उच्चारला गेला आणि आदेमारोचा हात टेबलाच्या लोखंडी पायाकडे गेला. त्याच्या मागोमाग बारमधल्या प्रत्येकाचा हात कुठेतरी गेला. आमच्याकडे हा शब्द एकदा बोलला गेला की त्यावर वाद होत नाही, पुरावे मागत नाहीत. माणूस त्या दिवसापासून तसा असतो.

दुसऱ्या दिवशी न्हाव्याने त्याला बघून दुकान बंद केलं. आत एक गिऱ्हाईक साबण लावून बसलं होतं, ते तसंच आत राहिलं. पाववाली पाव फळीवर ठेवून मागच्या खोलीत पळायची. स्टुडिओत गाण्याला येणारी मुलगी येईना. कोळणीने मासे द्यायचं थांबवलं नाही, पण दुरून फेकायला लागली. आणि आदेमारो पत्त्यांना दुसरा जोडीदार घेऊन बसला. नेदोला सगळ्यात जास्त तेच लागलं.

मी भांडले. पाववालीशी भांडले, न्हाव्याशी भांडले, कोळणीशी तर बाजारात उभी राहून भांडले. नेदो म्हणायचा, जाऊ दे फोस्का. मला वाटलं, तो नेहमीसारखा समंजसपणा दाखवतोय. मग एका सकाळी मी न्हाणीघराच्या दारातून जात होते. तो दाढी करायला उभा होता. आरशात त्याची स्वतःशी नजरानजर झाली, आणि त्याचा हात हळूच खाली नळाकडे गेला. नळ लोखंडाचा आहे. त्याने तो घट्ट धरला आणि तसाच धरून एका हाताने दाढी केली.

माझा माणूस स्वतःलाच बघून लोखंड धरत होता. मी दारातून मागे सरले आणि स्वयंपाकघरात जाऊन एक बशी फोडली. गावाचा मला नुसता राग आला होता. त्या सकाळपासून मी गावाशी वैर धरलं.

ऑगस्टमध्ये गावच्या संताचा सण असतो. चौकात स्टेज उभारतात, खुर्च्या मांडतात, तोंबोला खेळतात. मोठ्या फळ्यावर आकडे लागतात आणि ज्याचं कार्ड आधी भरेल तो ओरडतो. त्या वर्षीच्या मालिकेचा शेवटचा भाग तिथूनच थेट दाखवायचं ठरलं होतं. सणाच्या चार दिवस आधी कमेंदातोरे बेर्तोक्की आमच्या घरी आले. आत आले नाहीत. बाहेरचं फाटक दोन्ही हातांनी धरून उभे राहिले.

“फोस्काबाई,” ते म्हणाले, “शेवटच्या भागात पिंझुती तोंबोला जिंकणार. बक्षिसात सोफा. मग लग्न. मग तो सोफ्यावर बसून हसणार. लोकांना आता जरा गोड हवंय.”

“पिंझुती जिंकणार?” नेदोने खिडकीतून विचारलं. “कमेंदातोरे, तो एकटा खेळला तरी हरतो.”

“म्हणून तर! माझ्या सोफ्यावर हरलेला माणूस बसलेला किती दिवस दाखवायचा? सोफे खपत नाहीत.” मग त्यांनी फाटक आणखी घट्ट धरलं. “आणि भूमिका दुसरा नट करतोय. चांगला देखणा आहे. पिसाचा आहे.”

ते पनवती वगैरे शब्द मी पचवले होते. पण पिसाचा? त्या शेजारच्या शहराशी आमचं पिढ्यानपिढ्यांचं वैर. आमच्या किनाऱ्यावर दारात यमदूत आला तर लोक म्हणतात, चला, निदान पिसाचा माणूस तरी नाही आला.

“आणि नेदोने काय करायचं?” मी विचारलं.

“नेदोने समोरच्या बेटावर जायचं. हॉटेल माझ्याकडून. समुद्र बघायचा, मासे खायचे. फक्त त्या दिवशी गावात नको. तुम्हीच सांगा, एवढी माणसं जमणार, वरती दिवे, तारा… काही झालं तर?”

मी तोंड उघडणार एवढ्यात नेदो म्हणाला, “बरोबर आहे. जातो मी.” आणि खिडकी लावून घेतली.

सणाच्या आदल्या दिवशी मी त्याला बोटीवर सोडायला गेले. हातात सूटकेस, डोक्यावर पिंझुतीची जुनी टोपी. फळीपाशी पोचलो तर वरून कप्तान ओरडला, “बार्लेत्तानी, खाली उतर!”

“मी अजून चढलोच नाहीये.”

“मग चढू नकोस!”

“कमेंदातोरेंनी तिकीट काढलंय.”

“तर त्यांना पाठव! तुला घेऊन मी दोर सोडणार नाही. माझ्या बोटीचा तळ जुना आहे.”

कठड्यावर सगळे उतारू गोळा झाले होते, प्रत्येकाचा हात लोखंडावर. एक म्हातारी वाकून प्रेमाने म्हणाली, “बेटा, राग मानू नकोस हं. पण मला पोहता येत नाही.”

आम्ही बसच्या थांब्यावर गेलो. ड्रायव्हरने नेदोला पाहिलं, खिडकीतून डोकं बाहेर काढलं आणि म्हणाला, “गाडी बिघडलीये.” आणि बिघडलेली गाडी घेऊन भर्रकन निघून गेला.

नेदो धक्क्यावर सूटकेसवर बसला. बोट निघाली, गावात परतायचं तर गावाला तो नको होता, आणि गावाबाहेर न्यायला कुणी तयार नव्हतं. त्याने पाण्यात एक खडा टाकला. मग म्हणाला, “फोस्का, मी हे असं लिहिलं असतं ना, तर इलिओ म्हणाला असता, फार ताणतोयस.”

मला हसू फुटलं. तो हसला नाही.

“एवढे सगळे म्हणतात, म्हणजे काहीतरी असेलच ना गं? छत कोसळलंच की.”

“छत कोसळलं कारण त्यात सिमेंट कमी आणि वाळू जास्त होती!” मी एवढ्या जोरात ओरडले की समुद्रपक्षी उडाले. “गवंडी बेर्तोक्कीचा मेहुणा आहे, अख्ख्या गावाला माहितीये. तो गोलकीपर आदल्या रात्री दोन वाजेपर्यंत नाचत होता, तेही माहितीये. आणि भट्टी विझवली ती वरच्या साहेबांनी, तुझ्या गुडघ्याने नाही! पण साहेब लांब असतात रे. त्यांना शिव्या घालून हाताला काय लागणार? तू जवळ सापडतोस. रोज झुलत झुलत समोर येतोस.”

“आणि मी चौकात गेलो आणि खरंच काही झालं तर?”

“होऊ दे. तू नसतोस तेव्हा काय कमी होतं?”

त्याने टोपी काढली, आत बघितलं, परत घातली. “गावात राहू देत नाहीत,” तो सावकाश म्हणाला, “गावाबाहेर जाऊ देत नाहीत. मग माणसाने उभं राहायचं कुठे?”

उत्तर त्याला सापडत होतं, ते मला त्याच्या चेहऱ्यावर दिसत होतं.

“स्टेजवर,” तो म्हणाला. “फोस्का, जांभळं कापड मिळेल?”

हे ऐकून माझ्यासुद्धा अंगावर काटा आला. आमच्याकडे रंगमंचावर काहीही चालतं, जांभळा रंग चालत नाही. पूर्वी ईस्टरच्या आधीच्या उपासाच्या दिवसांत, जेव्हा पाद्री जांभळे झगे घालतात, नाटकं बंद असायची आणि नट उपाशी मरायचे. तेव्हापासून तो रंग नटांना नको झाला. स्टुडिओत कुणी जांभळा रुमाल घेऊन आलं तरी इलिओ कॅमेरा सोडून बाहेर जायचा. मी कापडवाल्याकडे गेले. त्याच्याकडे एक ठाण कित्येक वर्षं तळाशी पडून होतं. कुणासाठी ते त्याने विचारलं, मी सांगितलं. त्याने मापायची पट्टी खाली ठेवली आणि म्हणाला, “ठाणच घेऊन जा बाई. माझ्या दुकानातून गेलं म्हणजे झालं.”

मी रात्रीपासून दुसऱ्या दिवशी संध्याकाळपर्यंत मशीनवर बसले. कोट, पँट, बंडी, टोपीवर नवं कापड, सगळं जांभळं. छातीवर पांढऱ्या कापडाचा मोठा सतरा आकडा, कारण सतरा हा आमच्याकडे कुणालाच नको असलेला आकडा आहे. काजं करताना मी गाणं गुणगुणत होते. मला तोवर असली मजा कधी आलीच नव्हती.

चौक गच्च भरला होता. पिसाचा नट स्टेजवर पिंझुतीच्या नावाने झुलत चालत होता; त्याचं झुलणं खोटं होतं, दोन्ही पाय धडधाकट होते. त्याच्या हातात तोंबोलाचं कार्ड, मागे पडद्याआड सोफा. शेवटचा आकडा यायचा होता. तेवढ्यात चौकाच्या मागच्या टोकाकडून नेदो मधल्या वाटेने चालत आला.

आधी शेवटच्या रांगेने पाहिलं. मग त्याच्या पुढच्या. कुणी ओरडलं नाही. फक्त रांगेमागून रांग लोखंडी खुर्च्या कचकचून धरत गेली, आणि तो आवाज नेदोच्या पुढे पुढे स्टेजपर्यंत गेला. पिसाच्या देखण्या नटाने मान वर केली. जांभळं पाहिलं, मग छातीवरचा सतरा पाहिला, मग अख्ख्या जिल्ह्यासमोर, थेट प्रक्षेपणात, त्याचा हात जिथे जायचा तिथे गेला. पुढच्या क्षणी कार्ड खाली पडलं होतं आणि तो स्टेजमागून पळाला होता. पिसातल्या त्याच्या सगळ्या आत्या त्या वेळी टीव्ही बघत असतील अशी मला मनापासून आशा आहे.

“कॅमेरा बंद कर!” बेर्तोक्की बाजूने किंचाळले. “इलिओ! बंद कर!”

“कसा करू, कमेंदातोरे?” इलिओ म्हणाला. तो पांढराफटक पडला होता, पण कॅमेऱ्याच्या तिवईला मिठी मारून उभा होता. “मी लोखंड धरलंय. सोडलं तर बाधा होईल ना!”

नेदो मायक्रोफोनपाशी आला. मी पायऱ्यांखाली उभी होते.

“नमस्कार,” तो म्हणाला. “पिंझुती. मी आज जिंकणार असं कळलं, म्हणून तो मी नव्हेच हे सांगायला आलो.”

कुणी हसलं नाही.

“तुमच्या मनात काय आहे ते मला माहितीये. वेळ घालवू नका, सगळं मीच केलं. चेंडू जाळीत गेला, तो पाय माझा होता. छतात वाळू मी कालवली, रात्रभर, चमच्याने. कमेंदातोरेंचा मेहुणा बिचारा मला थांबवत होता.”

मागे कुणीतरी फिसकन हसलं. बेर्तोक्कींचा चेहरा माझ्या कापडाच्या रंगाचा झाला.

“भट्टी मी विझवली. फाटकातून आत गेलो आणि फुंकर मारली. साहेब लोक रडले, म्हणाले, नको रे पिंझुती, कामगारांचं कसं होईल? मी ऐकलं नाही.” आता हसणारे बरेच होते, पण हात खुर्च्यांवरच होते. “आणि जुनं एक प्रकरण आहे, तेही आजच कबूल करतो. पिसाचा तो मनोरा. दमलो होतो हो, जरासा टेकलो.”

चौक फुटला. आमच्या किनाऱ्यावर पिसाच्या नावाने न हसण्याइतकं कुणी मेलेलं नसतं. माणसं हसता हसता खुर्च्या सोडून मांड्या बडवायला लागली, मग आठवण होऊन परत खुर्च्या धरायला लागली. पहिल्या रांगेत आदेमारो होता. तो हसत नव्हता. खुर्ची सोडतही नव्हता.

नेदोने त्याच्याकडे पाहिलं आणि त्याचा आवाज बदलला. तो पिंझुतीचा राहिला नाही.

“आदेमारो, किती घट्ट धरलीयेस रे. हात गंजेल. आणि काय धरलंयस ते तरी बघ. भाड्याच्या खुर्च्या आहेत, बाहेरून आल्यात, पातळ पत्रा. अर्धं आयुष्य आपण लोखंड ओतलं, आणि धरायला हे?” त्याने खाली वाकून जांभळी पँट गुडघ्याच्या वर ओढली. तो व्रण मी रोज बघते, गावाने कधी पाहिला नव्हता. “तुला लोखंडच हवंय ना? मग आपलं धर. हे आपल्या भट्टीतलं आहे. भट्टी विझली, तुम्ही सगळे घरी बसलात, तिथलं हे एवढंच अजून कामावर आहे. या. लावा हात.”

खुर्च्या धरलेले हात तसेच राहिले. या क्षणी कुणी उठलं नाही तर तो परत कधी घराबाहेर पडणार नाही, हे मला पक्कं ठाऊक होतं.

“ऊठ की रे आदेमारो!” मागून कोळणीचा आवाज आला. “पत्त्यांत तर मोठा वाघ असतोस!”

आदेमारो उठला. पण खुर्ची सोडली नाही. खुर्ची एका हाताने ओढत, खणखण वाजवत तो स्टेजपर्यंत आला. पायऱ्यांपाशी खुर्ची अडली. त्याने एकदा ओढून पाहिली, दोनदा ओढली. मग तिच्याकडे बघून एक सणसणीत शिवी हासडली, तिला तिथेच टाकून दिली आणि वर चढला. नेदोसमोर गुडघ्यावर बसला, हात पुढे केला, मागे घेतला, आणि मग सगळा तळवा त्या व्रणावर ठेवला.

“गार आहे का?” नेदोने हळूच विचारलं. मायक्रोफोन चालूच होता.

“नाही,” आदेमारो म्हणाला. “चांगलं गरम आहे.”

“मग? आपल्या भट्टीचं आहे.”

आदेमारो तसाच बसून राहिला आणि पोरासारखा हुंदके देत रडायला लागला. मी रडले नाही. मी त्याला माफही केलं नव्हतं, पुढे महिनाभर केलं नाही.

त्यानंतर लोक आले. आधी कोळीण, मग न्हावी, मग पाववाली, मग रांगच लागली. कुणी नुसतं बोट लावलं, कुणी थोपटलं, एकाने गुडघ्याचा मुका घेतला. बोटीवरची म्हातारी बेटावरून परत आली होती; तिने आपल्या जपमाळेचा क्रूस त्याच्या गुडघ्यावर घासून घेतला. रांग बघून बेर्तोक्कींचा रंग परत आला. ते पुढे होऊन नेदोच्या कानाशी लागले.

“नेदो, कल्पना सुचलीये! दर सोफ्यामागे एकदा गुडघ्याला हात…”

“कमेंदातोरे,” नेदो म्हणाला, “आधी छत.”

हेही मायक्रोफोनमध्ये गेलं. सगळ्यात मोठा हशा त्याला पडला. बेर्तोक्कींनी मायक्रोफोन हिसकावला आणि ओरडून सांगितलं की मालिका संपली, कायमची, आणि बार्लेत्तानीने उद्यापासून माळ्याची पायरी चढू नये. खाली पडलेलं कार्ड तोवर भरलं होतं. फळ्यावर शेवटचा आकडा लागला होता. तोंबोलावाल्याने भाबडेपणाने ते नेदोला दिलं आणि म्हणाला, सोफा तुमचा.

नेदोने कार्डाची घडी घातली, खाली उतरला, आणि आदेमारोच्या वाकड्या खुर्चीच्या पायाखाली ती नीट सरकवली. खुर्चीचं डुगडुगणं थांबलं.

“पिंझुती जिंकत नाही,” तो म्हणाला. “जिंकला तर उद्या परत कशाला येईल?”

मग तो झुलत पडद्याआड गेला. चौक वाट बघत थांबला. पडदा किंचित हलला, जांभळी टोपी बाहेर आली, त्याने तोंड उघडलं, पण त्याच्या आधीच शेकडो माणसं एकदम ओरडली, “काही हरकत नाही! उद्या परत येतो!” समोरच्या बेटापर्यंत गेला असेल तो आवाज. कारखान्याच्या विझलेल्या भट्टीपर्यंत तर नक्कीच गेला.

सकाळी मला जाग आली तेव्हा तो न्हाणीघरात होता. दार उघडं होतं. मी भिंतीला टेकून बघत राहिले. गालांना साबण लावलेला, हातात वस्तरा, समोर आरसा. त्याने स्वतःच्या डोळ्यांत पाहिलं. बराच वेळ पाहिलं. आणि त्याचा हात हळूच नळाकडे गेला.

नेदोने नळाची चावी फिरवली.

नळ एकदा खोकला, दोन थेंब टाकले आणि गप्प झाला. ऑगस्टमध्ये आमच्या गावचं पाणी जातं, दर वर्षी जातं, कधी जाईल ते कुणी सांगू शकत नाही, फक्त बार्लेत्तानीच्या तोंडाला साबण असताना जातं हे नक्की. तो नळाकडे वाकून बघत राहिला. मग हात काढून घेतला, नाकावरचा फेस पुसला, आणि आरशातल्या माणसाला अगदी नम्रपणे म्हणाला, “काही हरकत नाही.”

पुढचं वाक्य त्याला हसू आवरेना म्हणून बोलताच आलं नाही.